डावखुऱ्या हाताचा जादूगार : पालवणकर बाळू



थोरांची चरित्रे लिहायची म्हटली की आपल्या भागातल्या मुलांना फार लांब जावे लागत नाही. लोकमान्यांचे मूळ गाव चिखलगाव आणि साने गुरुजींचे पालगड, दोन्ही आपल्या दापोली तालुक्यातली. बाबासाहेब आंबेडकरांचे आंबडवे तर खाडीपलीकडच्या मंडणगड तालुक्यात. ही चरित्रे आपल्या भित्तिपत्रकावर दरवर्षी लागतात. म्हणून गुरुजींना विचारून मी या खेपेस एका खेळाडूचे चरित्र घेतले आहे. त्यांचे नाव पालवणकर बाळू. जुन्या धावफलकांत ते पी. बाळू असे छापलेले असते. आपल्याला गावसकर, तेंडुलकर माहीत आहेत. पण तेंडुलकरांच्या आजोबांच्या काळात हिंदुस्थानातला सगळ्यात मोठा गोलंदाज कोण, असे कुणी विचारले असते तर बहुतेकांनी बाळूंचे नाव घेतले असते.

कोकणातली आडनावे गावावरून पडतात. केळशीचा तो केळशीकर, दाभोळचा तो दाभोळकर, तसा पालवणचा तो पालवणकर. आपल्या जिल्ह्यात चिपळूण तालुक्यात मांडकीजवळ पालवण आहे. बाळूंचे घराणे मूळचे कोकणातले, पण त्यांचा जन्म मात्र लांब धारवाडला झाला, १८७५-७६ च्या सुमारास. कारण वडील पलटणीत नोकरीला. आपल्याकडे कितीतरी घरांतले कुणी ना कुणी लष्करात असते, तसेच. पलटण जाईल तिकडे बिऱ्हाड. अशी फिरत फिरत ही मंडळी पुण्याला आली.

हे कुटुंब चर्मकार समाजातले. त्या काळी या समाजाला अस्पृश्य मानत. म्हणजे काय, हे आपण इतिहासाच्या पुस्तकात वाचतो. सार्वजनिक विहिरीवर पाणी भरायचे नाही, देवळात जायचे नाही, दुसऱ्याच्या भांड्याला हात लावायचा नाही. पुस्तकात हे चार ओळींत संपते. बाळूंच्या चरित्रात ते पानोपानी येते, म्हणून मला हे चरित्र लिहावेसे वाटले.

पुण्याला लष्करातले गोरे साहेब क्रिकेट खेळत. खेळून टाकून दिलेली जुनी बॅट, उसवलेला चेंडू असे सामान बाळू आणि धाकटा भाऊ शिवराम यांच्या हाती येई. त्यावरच दोघे शिकले. मैदान नाही, शिकवणारा नाही. त्यांचे आणखी दोन भाऊ होते, गणपत आणि विठ्ठल. चौघेही पुढे नावाजलेले क्रिकेटपटू झाले. एका घरात चार! आमच्या पुळणीवर ओहोटीला खेळताना दोन भाऊ एका बाजूला आले तरी आम्ही कुरकुरतो.

घरची गरिबी, त्यामुळे बाळूंना शाळा लवकर सोडावी लागली. पुण्यात पारशी मंडळींचा एक क्रिकेट क्लब होता. तिथे त्यांना काम मिळाले. मैदान झाडायचे आणि खेळपट्टीवर रोलर फिरवायचा. पगार महिना तीन रुपये. कधी मंडळींना सरावाला माणूस कमी पडला की चेंडू टाकायचा. मग १८९२ च्या सुमारास ते गोऱ्यांच्या पूना क्लबात लागले. इथे महिना चार रुपये. काम तेच, वर टेनिसच्या मैदानावर चुन्याच्या रेघा मारायच्या आणि सरावाची जाळी बांधायची.

इथेच त्यांचे नशीब फिरले. नशीब म्हणायचे की कष्ट, ते तुम्हीच ठरवा. साहेब लोकांना फलंदाजीची हौस. चेंडू टाकून दमायला मात्र कुणी तयार नाही. मग ते काम बाळूंवर. रोज तासन् तास ते जाळीत चेंडू टाकीत. समोर एकापेक्षा एक तयार फलंदाज. मात्र त्यांच्या हातात बॅट कुणी कधी दिली नाही. नोकराने चेंडू टाकायचा, फटका साहेबाने मारायचा, असा रिवाज. त्यामुळे बाळूंची फलंदाजी बेताची राहिली आणि गोलंदाजी मात्र अशी घासूनपुसून तयार झाली की बस्स.

त्या क्लबात कॅप्टन ग्रेग नावाचा फार चांगला फलंदाज होता. जंगली ग्रेग म्हणत त्याला. त्याने बाळूंना सांगून ठेवले होते, मला बाद केलेस की दर वेळी आठ आणे देईन, अशी हकीगत सांगतात. आठ आणे म्हणजे अर्धा रुपया. मी गणित करून पाहिले. ग्रेगला महिन्यात आठ वेळा बाद केले की चार रुपये, म्हणजे पगाराइतकी वरकमाई! बाळू किती मन लावून चेंडू टाकत असतील याचा अंदाज येतो.

आता त्यांची गोलंदाजी कशी होती ते सांगतो. ते डावखुरे, मंदगती फिरकी टाकणारे. डावखुऱ्या गोलंदाजाने बोटांनी चेंडू फिरवला की तो टप्पा पडल्यावर उजव्या हाताच्या फलंदाजापासून बाहेरच्या बाजूला वळतो. फलंदाज बॅट घालतो आणि चेंडू कडेला लागून मागे झेल जातो. बाळूंजवळ तो होताच. शिवाय त्यांना चेंडू आत वळवता येई, कधी उंच सोडून फलंदाजाला पुढे ओढता येई, कधी तसाच हात फिरवून चेंडू थोडा जलद टाकता येई. आणि टप्पा हवा तिथेच. वळवणारे पुष्कळ असतात, पण वळवून पुन्हा टप्पा न चुकवणारा विरळा. आमच्या वर्गातल्या फिरकीवाल्यांनी हे वाक्य दोनदा वाचावे.

पुण्यात हिंदूंचा क्रिकेट क्लब होता, आणि गोऱ्यांच्या क्लबाशी त्यांची चुरस. गोऱ्यांच्या क्लबातला हा चार रुपये पगाराचा पोऱ्या भल्याभल्यांच्या यष्ट्या उडवतो, ही बातमी तिथवर पोहोचली. आपल्या बाजूने त्याला घेतले तर गोऱ्यांना हरवता येईल, हे सर्वांना कळत होते. पण घ्यायचा कसा? क्लबात दोन तट पडले. अस्पृश्याला संघात घेऊ नये म्हणणारे एकीकडे, घ्यावा म्हणणारे दुसरीकडे. वाद बराच चालला. शेवटी जिंकायची इच्छा मोठी ठरली आणि बाळू संघात आले.

पुढचे ऐका. मैदानावर सगळे एकच चेंडू हाताळीत. बाळूंनी टाकलेला चेंडू यष्टिरक्षक झेली, क्षेत्ररक्षक अडवी, पुन्हा बाळूंच्या हाती देई. त्यात कुणाला विटाळ होत नव्हता. पण चहाची सुट्टी झाली की बाकीचे आत मंडपात चिनी मातीच्या कपातून चहा घेत आणि बाळूंना बाहेर, मातीच्या भांड्यातून. ते भांडे नंतर फेकून द्यायचे. तोंड धुवायला पाणी हवे असले तर त्यांच्यासारख्याच एका अस्पृश्य गड्याने कोपऱ्यात नेऊन हातावर ओतायचे. जेवण वेगळे, ताट वेगळे, बसायची जागा वेगळी. चेंडू चालतो आणि कप चालत नाही, याचा मी खूप विचार केला. मला काही त्याचे उत्तर सापडले नाही. तुम्हाला सापडले तर सांगा.

बाळूंनी कुरकुर केली नाही, बळी घेतले. त्यांच्या गोलंदाजीवर पुण्याच्या हिंदूंनी गोऱ्यांना हरवले. मग सामना झाला साताऱ्याच्या गोऱ्यांच्या जिमखान्याशी. तिथल्या मंडळींनी बाळूंची धास्ती घेऊन आठवडाभर खेळपट्टीवर रोलर फिरवला, चेंडू वळू नये म्हणून. रोलर फिरवण्याच्या विद्येत बाळूंचा हात कोण धरणार? त्यांनी तिथेही सात बळी घेतले. पुण्याला त्यांचा सत्कार झाला. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनी त्यांचे जाहीर कौतुक केले. ज्यांनी कप दिला नव्हता त्यांच्याच गावात हारतुरे.

शतक संपत आले तसे बाळू मुंबईला आले. आपल्याकडचा प्रत्येकजण मुंबईला जातो, तसेच. तिथे परमानंददास जीवनदास हिंदू जिमखान्याकडून आणि रेल्वेच्या संघाकडून ते खेळू लागले. मुंबईच्या जिमखान्यात पुण्यापेक्षा मोकळीक होती. पुढे पुढे बाळू आणि शिवराम इतर खेळाडूंबरोबर एका टेबलावर जेवायला बसू लागले. आज यात काही विशेष वाटणार नाही. त्या काळच्या वर्तमानपत्रांनी ही गोष्ट मुद्दाम लिहिली.

त्या वेळी मुंबईत संघ धर्माप्रमाणे असत. गोऱ्यांचा एक, पारशांचा एक, हिंदूंचा एक, १९१२ पासून मुसलमानांचाही एक. आपल्याला हे ऐकायला विचित्र वाटते, पण तेव्हा हीच देशातली सर्वांत मोठी स्पर्धा होती आणि लोक झाडांवर चढून सामने बघत. ती १९४६ पर्यंत चालली.

फेब्रुवारी १९०६. मुंबईच्या जिमखान्याच्या मैदानावर हिंदू विरुद्ध युरोपियन. हिंदूंनी २४२ धावा केल्या, गोऱ्यांनी १९१. दुसऱ्या डावात हिंदू १६०. म्हणजे गोऱ्यांना जिंकायला २१२ हव्या. इथे बाळूंचा डावा हात चालू झाला. गोऱ्यांचा सगळा संघ १०२ धावांत गारद! हिंदू १०९ धावांनी जिंकले. सामन्यात बाळूंचे आठ बळी, त्यांतले पाच दुसऱ्या डावातले. शिवरामही या संघात होते. ज्यांचे राज्य, ज्यांचा खेळ, त्यांनाच त्यांच्या मैदानावर हरवले, म्हणून साऱ्या देशात आनंद झाला. दुसऱ्या वर्षी, १९०७ साली, हिंदू पुन्हा जिंकले.

मग १९११ साल आले. हिंदुस्थानचा संघ इंग्लंडला निघाला. हिंदू, मुसलमान, पारशी, शीख असे सगळे मिळून पहिल्यांदाच. कर्णधार पतियाळाचे महाराज भूपिंदरसिंग, वय अवघे एकोणीस. बाळू तेव्हा पस्तिशीला आलेले, म्हणजे गोलंदाजाच्या दृष्टीने उतरतीचे वय. शिवरामही बरोबर होते. तिकडची थंडी, ओली मैदाने, रोजचे सामने. संघाने एकंदर २३ सामने खेळले, ६ जिंकले, १५ हरले. महाराज बहुतेक वेळ मेजवान्यांत आणि समारंभांत. गोलंदाजीचा भार मात्र बाळूंवर. खांदा दुखत असतानाही ते टाकतच राहिले. लेस्टरशायर परगण्याच्या संघाविरुद्ध त्यांनी ११ बळी घेतले आणि आपला संघ जिंकला. केंब्रिज विद्यापीठाविरुद्ध एकाच डावात १०३ धावांत ८ बळी. साऱ्या दौऱ्यात ११४ बळी! त्यांतले ७५ प्रथम दर्जाच्या सामन्यांतले. हरणाऱ्या संघाच्या गोलंदाजाने एवढे बळी घ्यायचे म्हणजे केवढे काम. जिंकणाऱ्याच्या मागे दहा जण उभे असतात, हरणाऱ्याचा गोलंदाज एकटाच पडतो, हे खेळणाऱ्यांना ठाऊक आहे.

परत आल्यावर मुंबईत दलित समाजाने त्यांचा मोठा सत्कार केला. तरुण भीमराव आंबेडकरांना त्या वेळी बाळूंचा फार अभिमान होता. आपल्यातला माणूस साहेबाच्या देशात जाऊन साहेबाच्या यष्ट्या उडवून आला, याचे मोल त्या समाजाला किती असेल! ज्या पोरांना शाळेत वर्गाबाहेर बसवत, त्यांच्या तोंडी बाळूंचे नाव होते.

आता कर्णधारपदाची गोष्ट. हिंदूंच्या संघात बाळू सर्वांत अनुभवी, सर्वांत यशस्वी. शहाणपणही मोठे. मग कर्णधार कोण हवा? आपल्या वर्गातसुद्धा चांगला खेळेल त्यालाच कप्तान करतात. पण बाळूंना वर्षानुवर्षे ते पद मिळाले नाही. दर वर्षी मागणी व्हायची, दर वर्षी दुसऱ्या कुणाची निवड व्हायची, आणि कारण सगळ्यांना माहीत असायचे. एम. डी. पै नावाचे चांगले खेळाडू कर्णधार झाले. ते स्वतःच एका सत्कारात बोलून गेले की हा मान खरे तर बाळूंचा होता. पैंचे मला कौतुक वाटते. स्वतःच्या सत्कारात असे बोलायला छाती लागते.

१९२० साली गोष्ट फारच वाढली. बाळू तेव्हा चव्वेचाळीस वर्षांचे. पहिल्या सामन्याच्या संघातून त्यांनाच वगळले. पै त्या सामन्याला नव्हते, तर कप्तानपद विठ्ठलकडे यायला हवे होते. विठ्ठल एव्हाना संघातला पहिल्या प्रतीचा फलंदाज झाला होता. तेही झाले नाही. तेव्हा शिवराम आणि विठ्ठल या दोन्ही भावांनी संघातून अंग काढून घेतले, आणि का काढून घेतले ते जाहीर पत्रक काढून लोकांना सांगितले. जातीमुळे डावलणे आम्ही सोसणार नाही, असा त्याचा मतलब. इतकी वर्षे बाळू गप्प राहिले. धाकट्या भावांनी तोंड उघडले. मोठ्याने सोसायचे आणि धाकट्याने बोलायचे, असे घराघरांत होते. मला वाटते दोघांचीही गरज असते.

मुंबईत याची खूप चर्चा झाली. अस्पृश्यता गेली पाहिजे हा विचार त्याच वर्षांत गांधीजींमुळे देशभर पोहोचत होता, तेव्हा लोकांचे कानही तयार होते. निवड करणाऱ्यांना नमते घ्यावे लागले. पारशांविरुद्धच्या पुढच्या सामन्यात बाळूंना परत घेतले आणि उपकर्णधार केले. त्या सामन्यात कर्णधार पै मुद्दाम काही वेळ मैदानाबाहेर गेले. का, तर तेवढा वेळ तरी बाळूंनी संघ चालवावा. ही त्यांची थोडा वेळची कप्तानी. तीही पैंनी दिलेली.

आणि तीन वर्षांनी, १९२३ साली, हिंदूंचा कर्णधार झाला पालवणकर विठ्ठल. त्याच वर्षी संघाने गोऱ्यांना हरवून स्पर्धा जिंकली. लोकांनी विठ्ठलला खांद्यावर घेतले. थोरल्याला मिळाले नाही ते धाकट्याला मिळाले. बाळूंचे खेळणे तोवर संपले होते.

खेळ संपल्यावर बाळू सार्वजनिक कामात पडले. १९३२ साली गांधीजींनी येरवड्याच्या तुरुंगात उपोषण केले. दलितांना वेगळे मतदारसंघ असावेत की नसावेत, असा तो मोठा प्रश्न होता. बाबासाहेबांचे म्हणणे एक, गांधीजींचे दुसरे. गांधीजींचे प्राण जातात की काय अशी वेळ आली. तेव्हा तडजोड व्हावी म्हणून जे बाबासाहेबांशी बोलले त्यांत बाळू होते. २४ सप्टेंबर १९३२ रोजी पुणे करार झाला, त्यावर बाळूंचीही सही आहे. ज्या पुण्यात त्यांना बाहेर चहा दिला होता, त्याच पुण्यातला हा करार. या कराराबद्दल मोठ्या माणसांत आजही दोन मते आहेत. आमच्या घरीसुद्धा आहेत.

पुढे १९३७ साली मुंबईच्या कायदेमंडळाची निवडणूक झाली. मुंबईतल्या एका मतदारसंघात काँग्रेसने बाळूंना उभे केले, आणि समोर कोण? डॉ. बाबासाहेब आंबेडकर! ज्यांना बाळूंचा एके काळी अभिमान होता तेच. मते मोजली तेव्हा बाबासाहेबांना १३,२४५ आणि बाळूंना ११,२२५. बाळू २,०२० मतांनी हरले. बाबासाहेबांसमोर एवढी मते म्हणजे लोक त्यांना किती मानत असत ते दिसते. पण मला ही निवडणूक वाचून वाईट वाटले. आपल्या जिल्ह्याशी नाते असलेली दोन माणसे, दोघांचेही वडील पलटणीतले, दोघांनीही तोच अपमान गिळलेला, आणि उभी राहिली समोरासमोर. बाबासाहेबांची वाट लढ्याची. बाळूंची वाट सगळ्यांना सांभाळून घेण्याची. बाबासाहेबांची बाजू मला जास्त पटते, पण वाचताना बाळूंवर राग येत नाही.

हिंदुस्थानचा पहिला कसोटी सामना झाला १९३२ साली. तेव्हा बाळू पंचावन्न वर्षांच्या पुढे गेलेले. म्हणजे देशाचा पहिला मोठा गोलंदाज एकही कसोटी न खेळता राहिला. तो वीस-पंचवीस वर्षे आधी जन्मला, दुसरे काही कारण नाही. प्रथम दर्जाचे ३३ सामने त्यांच्या नावावर आहेत, त्यांत १७९ बळी. एका बळीसाठी सरासरी १५ धावा आणि वर थोडे. ज्यांना सरासरी समजत नाही त्यांच्यासाठी सांगतो. जितक्या धावा दिल्या त्यांना बळींनी भागायचे. उत्तर जितके लहान तितका गोलंदाज चांगला. पंचवीसच्या खाली आले की उत्तम म्हणतात. फलंदाजीत त्यांची एका डावातली सर्वांत मोठी धावसंख्या ७५. जाळीत ज्याला कधी बॅट मिळाली नाही, त्याच्या ७५!

त्यांच्या घराची हकीगत मराठीतच छापलेली आहे. विठ्ठल यांनी माझे क्रीडा-जीवन नावाचे आत्मचरित्र १९४८ साली लिहिले. आपल्या शाळेच्या कपाटात ते नाही. मुंबईहून गणपतीला किंवा शिमग्याला येणाऱ्या चाकरमान्यांपैकी कुणाला जुन्या पुस्तकांच्या दुकानात दिसले तर घेऊन यावे. वर्गात पाळीपाळीने वाचू.

पालवणकर बाळू ४ जुलै १९५५ रोजी मुंबईत वारले. तेव्हा देशाला स्वातंत्र्य मिळून आठ वर्षे होत आली होती. अस्पृश्यता पाळणे हा गुन्हा ठरवणारा कायदा संसदेने केला, तोही त्याच वर्षी, १९५५ साली.